घर, नवरा आणि सेकंडहँड कॅमेरा, एवढ्याच भांडवलावर माया डेरेनने स्वतःचा सिनेमा उभा केला

साल होतं १९४६. तारीख १८ फेब्रुवारी. न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागात प्रोव्हिन्सटाउन प्लेहाउस नावाचं एक छोटं नाट्यगृह होतं. तिथं त्या संध्याकाळी नाटक नव्हतं. एका बाईने हॉल स्वतः भाड्याने घेतला होता आणि स्वतःच बनवलेल्या तीन छोट्या फिल्म्स ती दाखवणार होती. फिल्ममध्ये स्टार नाही, सरळ गोष्ट नाही, संवाद नाहीत. संवाद कसले, आवाजच नाही. त्यातली एक तर जेमतेम तीन-चार मिनिटांची.

असलं काही बघायला कोण येणार? पण गर्दी एवढी झाली की लोकांना दारातून परत पाठवायची वेळ आली.

कार्यक्रमाचं नावही भलतंच होतं. सोडून दिलेल्या तीन फिल्म्स, असा त्याचा साधारण अर्थ. आता फिल्म्स काही अर्धवट नव्हत्या. पण पॉल व्हॅलेरी या फ्रेंच कवीचा एक विचार या बाईला पक्का पटलेला. कलाकृती कधी पूर्ण होतच नाही, कलाकार एका टप्प्यावर तिला सोडून देतो, इतकंच.

तिचे हे शो बघायला आलेल्यांत आमोस व्होगेल नावाचा एक तरुण होता. नाझींमुळे व्हिएन्ना सोडून अमेरिकेत आलेला. हॉल भाड्याने घेऊन आपल्याला हवा तो सिनेमा लोकांना दाखवता येतो, ही आयडिया त्याने इथूनच उचलली. पुढच्याच वर्षी, १९४७ मध्ये, त्याने बायको मार्शासोबत याच हॉलमधून 'सिनेमा १६' ही फिल्म सोसायटी सुरू केली. ती १९६३ पर्यंत चालली आणि अमेरिकेतल्या फिल्म सोसायट्यांच्या इतिहासात तिचं नाव फार वर आहे.

आणि त्या बाईचं नाव होतं माया डेरेन. वय वर्षं २८.

आपल्याकडे फिल्म शिकणारी मुलं सोडली तर हे नाव फारसं कुणाच्या कानावर नसतं. पण 'साइट अँड साउंड' हे ब्रिटिश मासिक दर दहा वर्षांनी जगभरच्या समीक्षकांना विचारून सर्वोत्तम सिनेमांची यादी काढतं. २०२२ च्या यादीत आपला 'पथेर पांचाली' ३५ व्या नंबरवर होता. मायाची पहिली फिल्म होती १६ व्या. तीही १४ मिनिटांची, घरात शूट केलेली आणि बनवायला तीनशे डॉलरसुद्धा न लागलेली.

हे जमलं कसं, ते समजून घ्यायचं तर थोडं मागे जावं लागेल.

मायाचा जन्म १९१७ चा, कीव्हमधला. म्हणजे ज्या वर्षी रशियात क्रांती झाली त्याच वर्षी. तिचं नाव एलिओनोरा डेरेनकोव्स्की. घर ज्यू, वडील मानसोपचारतज्ज्ञ. त्या काळात तिकडे ज्यूंवर हल्ले वाढले होते. १९२२ मध्ये हे कुटुंब पळून अमेरिकेत आलं आणि न्यूयॉर्क राज्यातल्या सिराक्यूज शहरात स्थिरावलं. लांबलचक आडनाव अमेरिकन तोंडात बसेना, म्हणून वडिलांनी कात्री लावून ते डेरेन केलं.

पोरगी हुशार होती. शाळेची काही वर्षं जिनिव्हात, मग सिराक्यूज विद्यापीठात पत्रकारिता आणि राज्यशास्त्र. तिथं ती समाजवादी चळवळीत ओढली गेली, अठराव्या वर्षी चळवळीतल्याच एका कार्यकर्त्याशी लग्न करून न्यूयॉर्कला आली. ते लग्न काही वर्षांत मोडलं. चळवळीचा जोरही ओसरला. १९३९ मध्ये तिने स्मिथ कॉलेजमधून इंग्रजी साहित्यात एमए केलं. प्रबंधाचा विषय होता फ्रेंच प्रतीकवादी कवींचा इंग्रजी कवितेवरचा प्रभाव.

म्हणजे गडी अजून सिनेमाच्या आसपासही नव्हता. तिला व्हायचं होतं कवी. कविता लिहायचीही. पण मनासारखी जमत नव्हती. याचं कारण तिने नंतर सांगितलं ते फार इंटरेस्टिंग आहे. तिच्या डोक्यात आधी चित्रं यायची. कविता लिहिणं म्हणजे त्या चित्रांचं शब्दांत भाषांतर करणं. कॅमेरा हातात आल्यावर तिला कळलं की आता भाषांतराची गरजच नाही. आतापर्यंत ती चुकीच्या माध्यमात काम करत होती.

कॅमेऱ्यापर्यंत ती पोचली मात्र नाचामुळे. १९४१ मध्ये ती कॅथरीन डनहॅमची सेक्रेटरी झाली. डनहॅम ही कृष्णवर्णीय नृत्यांगना, स्वतःची डान्स कंपनी चालवणारी, आणि त्याचवेळी मानववंशशास्त्र शिकलेली. कॅरिबियन बेटांवर, खास करून हैतीमध्ये राहून तिने तिथल्या नृत्यांचा अभ्यास केला होता. या कंपनीसोबत फिरत फिरत माया लॉस एंजेलिसला आली. डनहॅमकडून ऐकलेलं हैती तिच्या डोक्यात राहिलं. ते पुढे येईलच.

लॉस एंजेलिसमध्ये तिला अलेक्झांडर हॅमिड भेटला. मूळ नाव अलेक्झांडर हाकेनश्मीड, राहणारा प्रागचा. नाझींनी चेकोस्लोव्हाकिया गिळल्यावर देश सोडून आलेला. हा माणूस मुरलेला कॅमेरामन आणि एडिटर होता, १९३० मध्येच त्याने स्वतःची प्रयोगशील फिल्म बनवली होती. १९४२ मध्ये दोघांनी लग्न केलं. मायाला वाढवलं कवितेने आणि नाचाने, हॅमिडला कॅमेऱ्याने. दोघं निर्वासित, दोघांकडे पैसे नाहीत, आणि घर कुठं, तर हॉलिवूडमध्ये.

१९४३ मध्ये मायाचे वडील गेले. मागे थोडे पैसे राहिले होते. त्यातून तिने १६ एमएमचा सेकंडहँड बोलेक्स कॅमेरा घेतला.

याच सुमारास तिने नाव बदललं. एलिओनोराची माया झाली. नाव हॅमिडने सुचवलं असं सांगतात. माया म्हणजे आपलीच माया. जे दिसतं पण असतं असं नाही, ते. बुद्धाच्या आईचं नावही माया. पडद्यावर भास उभे करणाऱ्या बाईने घ्यावं असं याहून नेमकं नाव कुठल्याही भाषेत सापडलं नसतं.

आता या कॅमेऱ्याबद्दल थोडं सांगायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे. बोलेक्स चावीवर चालायचा, जुन्या घड्याळासारखा. एकदा पूर्ण चावी दिली की साधारण अर्धा मिनिट चालणार, मग परत चावी. शंभर फुटांचं एक रीळ पावणेतीन मिनिटांत संपणार. खडखड आवाज, त्यामुळे सोबत संवाद रेकॉर्ड करायचं नावच काढायचं नाही. थोडक्यात, स्टुडिओवाल्यांच्या दृष्टीने खेळणं. पण त्यात तीन सोयी होत्या. हातात मावायचा. वेग कमी-जास्त करता यायचा. आणि शूट केलेली फिल्म उलटी फिरवून तिच्यावर पुन्हा शूट करता यायचं.

मायाने यातल्या अडचणींवर उपाय शोधत बसण्यापेक्षा अडचणी आणि सोयी दोन्ही वापरून टाकल्या. अर्धा मिनिटच चालतो? मग शॉट छोटे ठेवू आणि अर्थ जोडणीतून काढू. संवाद नाहीत? मग संवादांची गरज पडेल असं काही दाखवायचंच नाही. नट नाहीत? मी आहे, नवरा आहे. सेट नाही? घर आहे.

त्यातून बनली 'मेशेस ऑफ द आफ्टरनून'. शूटिंगला लागले अडीच-एक आठवडे. त्याच वर्षी 'कासाब्लांका' अमेरिकाभर लागला होता, त्याचं बजेट आठ-दहा लाख डॉलर. हॉलिवूडचा जेवढा खर्च लिपस्टिकवर होतो तेवढ्यात आपल्या फिल्म्स होतात, असं माया पुढे गमतीने सांगायची.

फिल्ममध्ये घडतं काय? दुपारची वेळ. एक बाई घरी येते, तिच्या हातून किल्ली निसटते आणि पायऱ्यांवरून टणटण खाली जाते. घरात पाव, त्यात खुपसलेली सुरी. काढून ठेवलेला फोनचा रिसीव्हर. फिरत राहिलेली रेकॉर्ड. ती खुर्चीत बसते, डोळा लागतो. आणि मग हेच सगळं पुन्हा घडायला लागतं, दर वेळी थोडं वेगळं. रस्त्यावर काळ्या बुरख्यातलं कुणीतरी चाललंय, चेहऱ्याच्या जागी आरसा. ही मागे धावते, ते सापडत नाही. प्रत्येक फेरीला खिडकीतून एक नवी माया स्वतःलाच धावताना बघते. शेवटी तीन माया एकाच टेबलाभोवती बसतात. तिघींत किल्ली फिरते आणि एकीच्या तळहातावर किल्लीची सुरी होते.

एका फ्रेममध्ये एकाच बाईची दोन-तीन रूपं दाखवायला तेव्हा ना कॉम्प्युटर होता, ना यांच्याकडे लॅबसाठी पैसे. लेन्सचा अर्धा भाग झाकायचा, एका बाजूला बसून शूट करायचं, फिल्म मागे फिरवायची, मग दुसरा भाग झाकून दुसऱ्या खुर्चीत बसायचं. फिल्म धुऊन येईपर्यंत जमलं की फसलं ते कळणार नाही. जिन्यातला एक शॉट आहे, त्यात घर जहाजासारखं हेलकावे खातं. घर कशाला हलतंय? हॅमिड कॅमेरा डावी-उजवीकडे कलवायचा आणि माया बरोबर त्याच्या तालावर स्वतःला भिंतींवर झोकून द्यायची. ट्रिक म्हणाल तर एवढीच. पण डनहॅमच्या नर्तकांमध्ये वावरल्याशिवाय अंगाचा असा अंदाज येत नाही.

याच फिल्ममध्ये एक छोटा तुकडा आहे. एक माया हातात सुरी घेऊन खुर्चीतल्या झोपलेल्या मायाकडे निघते. अंतर चार-पाच पावलांचं. पहिलं पाऊल पडतं समुद्रकाठी. पुढची गवतावर, मातीत, फुटपाथवर. शेवटचं घरातल्या गालिच्यावर. चाल एकच, सलग. जागा मात्र प्रत्येक पावलाला वेगळी. माया नंतर लिहिते की एवढा तुकडा करताना तिला पुढचा सगळा रस्ता दिसला. नाटकात हे अशक्य. कादंबरीत लिहिता येईल, पण डोळ्यांना दिसणार नाही. हे फक्त सिनेमालाच जमतं. मग सिनेमाने नाटक-कादंबरीच्या गोष्टी सांगत का बसावं, असा तिचा सरळ सवाल होता.

एक वाद इथेच उरकून घेऊ. 'मेशेस'चं खरं श्रेय कुणाचं? कॅमेरा तर मुख्यतः हॅमिडने चालवला, अनुभवही त्याचाच. त्यामुळे ही फिल्म मुळात हॅमिडचीच असं म्हणणारे तेव्हाही होते, नंतरही निघाले. टायटलमध्ये दोघांची नावं आहेत आणि ते योग्यच आहे. पण याचं उत्तर पुढच्या फिल्म्स बघितल्या की आपोआप मिळतं. पुढच्या कामात कॅमेऱ्यामागे माणसं बदलत गेली, चाल मात्र तीच राहिली, उलट जास्त धीट होत गेली. हॅमिडचं म्हणाल तर तो डॉक्युमेंट्रीकडे गेला आणि दोन दशकांनी 'टू बी अलाइव्ह!' या शॉर्ट डॉक्युमेंट्रीला ऑस्करही मिळालं. कसबी माणूस. पण वेगळ्या वाटेचा.

१९४४ मध्ये आली 'ॲट लँड'. समुद्र एका बाईला वाळूवर आणून सोडतो आणि लाटा उलट्या चालत मागे जातात. ती वाळलेल्या ओंडक्यावर चढते, वर हात टाकते आणि हात पडतो तो थेट मेजवानीच्या टेबलावर. मग ती त्या लांबलचक टेबलावरून रांगत जाते आणि दोन्ही बाजूंनी बसलेल्या प्रतिष्ठित लोकांना ती दिसतसुद्धा नाही. पुढे ती एका माणसाशी बोलत रस्त्याने चालते. कॅमेरा तिच्याकडून त्याच्याकडे वळतो की प्रत्येक वेळी माणूस बदललेला. त्यातला एक संगीतकार जॉन केज.

१९४५ ची 'अ स्टडी इन कोरिओग्राफी फॉर कॅमेरा' तर माझ्या मते तिची सगळ्यात चोख फिल्म. नर्तक टॅली बिटी, डनहॅमच्याच कंपनीतला. तो जंगलात पाय उचलतो आणि तो पाय खाली येतो दिवाणखान्यात. शेवटी तो उडी मारतो आणि खाली येतच नाही, कितीतरी सेकंद हवेतच. वेगवेगळ्या उड्यांचे तुकडे, चढतानाचे, तरंगतानाचे, उतरतानाचे, एकापुढे एक जोडले की माणूस गुरुत्वाकर्षण विसरतो. इथे कॅमेरा नाच टिपत नाहीये. कॅमेरा आणि एडिटिंग नसेल तर हा नाच अस्तित्वातच नाही.

या फिल्म्स स्वप्नासारख्या वाटतात म्हणून लोक तिला सर्रिअलिस्ट म्हणायचे. तिला ते अजिबात आवडायचं नाही. मानसोपचारतज्ज्ञाची मुलगी असल्यामुळे समीक्षक किल्ली म्हणजे अमुक, सुरी म्हणजे तमुक असं फ्रॉइड घेऊन बसायचे, त्याचा तर तिला वैतागच होता. मनात जे येईल ते सांडणं म्हणजे कला नव्हे, असं तिचं म्हणणं. ती शॉटची यादी करायची, आकृत्या काढायची, प्रत्येक जोडणी आधी ठरवायची. फिल्ममध्ये स्वतः दिसायची, स्वतःचं घर, स्वतःचा नवरा, स्वतःचे मित्र दाखवायची, पण म्हणून ती आत्मकथा नव्हती. पर्सनल फिल्म म्हटलं की आज आपल्याला कॅमेऱ्यासमोर बसून मन मोकळं करणारा माणूस आठवतो. मायाच्या डोक्यात याच्या बरोबर उलटं होतं. आपलंच शरीर वापरायचं आणि त्यातून आपल्याला वजा करायचं, म्हणजे बघणाऱ्याला तिथे स्वतःला ठेवता येईल.

दुसरा तिचा लाडका शब्द म्हणजे ॲमॅच्युअर. मराठीत आपण हौशी म्हणतो. हौशी नाटक, हौशी फोटोग्राफर. त्यात एक नाही म्हटलं तरी खालचा सूर असतो. मायाने या विषयावर लेखच लिहिला. मूळ लॅटिन अर्थाने हा शब्द प्रेमापोटी काम करणाऱ्याचा आहे, पोटासाठी करणाऱ्याचा नाही, हे तिने दाखवून दिलं. आणि हिशेब मांडला. व्यावसायिक माणसाला गोष्ट लागते, स्टार लागतो, वेळेत संपवावं लागतं. हौशी माणसाला यातलं काहीच बांधील नाही. झाडांवर वारा कसा खेळतो हे त्याला तीन दिवस शूट करता येतं. महागडा ट्रायपॉड नसला तर बिघडत नाही, माणसाच्या अंगाइतका लवचिक ट्रायपॉड कुठल्याच कंपनीने बनवलेला नाही. यंत्रं वाढवण्यापेक्षा डोकं आणि शरीर वापरा, हा तिचा सल्ला.

ही हौस ती नुसती फिल्मपुरती ठेवत नव्हती. मॉर्टन स्ट्रीटवरच्या तिच्या घरातूनच फिल्म्सचं वितरण चालायचं. पत्रकं स्वतः लिहायची, कॉलेजांना पत्रं धाडायची, भाड्याने रिळं पाठवायची, फिल्मचे डबे घेऊन गावोगावच्या विद्यापीठांत व्याख्यानं द्यायची. १९४६ मध्येच तिचं सिनेमाच्या विचारावरचं छोटं पुस्तक आलं. त्याच वर्षी 'रिच्युअल इन ट्रान्सफिगर्ड टाइम' आली, जिच्यात पार्टीतल्या लोकांचं हाय-हॅलो पुन्हा पुन्हा जोडून तिने त्याचा नाच करून टाकला आहे. आणि शेवटी पॉझिटिव्हऐवजी निगेटिव्ह वापरल्यावर काळ्या कपड्यातली विधवा पांढऱ्या कपड्यातली नवरी होते.

१९४६ ला तिला गुगेनहाइम फेलोशिपही मिळाली. सर्जनशील फिल्मसाठी ती मिळवणारी ती पहिली. १९४७ मध्ये 'मेशेस'ला कान महोत्सवात १६ एमएम प्रयोगशील विभागाचं पारितोषिक मिळालं. त्याच वर्षी हॅमिडशी घटस्फोट झाला.

इथवर सगळी चढती कमान आहे. नोकरी नाही, स्टुडिओ नाही, तरी बाई स्वतःच्या अटींवर सिनेमा करतेय आणि जग दखल घेतंय. आता ती गुगेनहाइमचे पैसे घेऊन हैतीला निघाली.

जाताना प्लॅन तयार होता. हैतीतल्या व्होडू विधींमधला नाच शूट करायचा, त्याची बालीमधल्या विधींशी आणि लहान मुलांच्या खेळांशी सांगड घालायची आणि त्यातून एक फिल्म रचायची. म्हणजे जे तिने टॅली बिटीच्या उडीसोबत केलं, तेच मोठ्या प्रमाणावर. तुकडे घ्यायचे, स्वतःच्या रचनेत बसवायचे.

हैतीत गेल्यावर तो प्लॅन कोसळला.

व्होडू म्हटलं की आपल्याला हॉलिवूडने शिकवलेली बाहुली आणि टाचण्या आठवतात. प्रत्यक्षात तो आफ्रिकेतून गुलाम म्हणून आणलेल्या लोकांनी जिवंत ठेवलेला धर्म आहे. त्याच्या मुळाशी आहे अंगात येणं. हे मराठी माणसाला समजावून सांगायला नको. जत्रेत ढोल वाढतो, कुणाच्या तरी अंगात देवी येते, मग त्या बाईला तिच्या नावाने कुणी हाक मारत नाही, देवी म्हणूनच तिच्या पाया पडतात. आपल्याकडे काही भागांत अशा माणसाला झाड म्हणतात. हैतीत घोडा म्हणतात. देव स्वार, माणूस घोडा.

तिथल्या लोकांमध्ये राहताना मायाला जाणवलं की यातला नाच वेगळा काढताच येत नाही. ढोल, नैवेद्य, जमिनीवर पिठाने काढलेल्या आकृत्या, पूर्वज, समुद्र, सगळं एकमेकांत विणलेलं. त्यातली सुंदर दृश्यं उचलून आपल्या फिल्ममध्ये बसवणं म्हणजे त्याची मोडतोड. आयुष्यभर जिने तुकडे जोडून नवं जग केलं, तिच्यासमोर पहिल्यांदा असं काहीतरी उभं राहिलं जे आधीच पूर्ण होतं.

ती १९४७ ते १९५४ या काळात पुन्हा पुन्हा हैतीला गेली, सगळे मिळून दीड-पावणेदोन वर्षं राहिली. तिने दीक्षा घेतली. ढोलाच्या तालावर तिच्याही अंगात आलं, प्रेमाची देवता एर्झुली. तो अनुभव तिने पुस्तकाच्या शेवटच्या प्रकरणात लिहिला आहे. हो, पुस्तकाच्या. फिल्म झालीच नाही. १९५३ मध्ये तिचं 'डिव्हाइन हॉर्समेन' हे पुस्तक आलं. पुराणकथांचे अभ्यासक जोसेफ कॅम्पबेल यांनी त्यासाठी पाठबळ दिलं. त्याच्या सुरुवातीला तिने साफ कबूल केलंय की कलाकृती घडवायला म्हणून ती गेली होती, आणि शेवटी समोर जे आहे ते नीट नोंदवणं एवढंच तिच्या हाती उरलं. कलाकार म्हणून ही आपली हार आहे, हे तिने लपवलं नाही. पुस्तक मात्र आजही या विषयात वाचलं जातं.

हजारो फूट फिल्म तशीच डब्यांत राहिली.

त्यानंतरची वर्षं ओढाताणीची. मधल्या काळात, १९४८ मध्ये, चिनी युद्धकलेवर 'मेडिटेशन ऑन व्हायलन्स' झाली होती. शेवटची पूर्ण झालेली फिल्म 'द व्हेरी आय ऑफ नाईट'. नर्तक निगेटिव्हमध्ये, आकाशातल्या ताऱ्यांसारखे तरंगणारे. पैशांच्या आणि कागदपत्रांच्या भानगडीत ती कित्येक वर्षं रखडली आणि न्यूयॉर्कला दिसायला १९५९ उजाडलं. खरं सांगायचं तर ती बघताना आधीच्या फिल्म्समधली धार जाणवत नाही.

१९५३ च्या ऑक्टोबरमधला एक प्रसंग सांगायलाच हवा. व्होगेलच्या सिनेमा १६ ने कविता आणि सिनेमा या विषयावर परिसंवाद ठेवला होता. मंचावर नाटककार आर्थर मिलर, वेल्श कवी डिलन थॉमस आणि माया. मायाने तिचा सिद्धांत मांडला. गोष्ट आडवी चालते, एका घटनेतून दुसरीकडे. कविता उभी चालते, एकाच क्षणात खोल उतरते. आपल्या हिंदी सिनेमाच्या प्रेक्षकाला हे चटकन कळेल. गोष्ट पुढे जात असते ती आडवी, मध्येच थांबून गाणं सुरू होतं आणि आपण त्याच भावनेत पाच मिनिटं राहतो ते उभं. पण मंचावरच्या पुरुषांनी तिची टर उडवली. थॉमसने विनोद केले, लोक हसले. माया मुद्दा सोडायला तयार नव्हती. थॉमस दोनच आठवड्यांत वारला. मायाची ती उभी-आडवी मांडणी आजही फिल्मच्या वर्गात शिकवतात.

याच वर्षांत तिने क्रिएटिव्ह फिल्म फाउंडेशन नावाची संस्था काढली, स्वतःकडे पैसे नसताना दुसऱ्या प्रयोगशील फिल्ममेकर्सना मदत मिळावी म्हणून. पुढे ज्यांनी अमेरिकेत पर्सनल सिनेमाची परंपराच उभी केली त्यातला स्टॅन ब्राखेज तरुणपणी काही काळ तिच्या घरी राहून गेला. जोनास मेकासने सुरुवातीला या मंडळींवर टीकेची झोड उठवली आणि नंतर स्वतःच आयुष्यभर डायरीसारख्या फिल्म्स बनवल्या.

तिचा तिसरा नवरा तेइजी इतो, जपानमध्ये जन्मलेला संगीतकार, तिच्याहून १८ वर्षांनी लहान. १९५९ मध्ये त्याने 'मेशेस'ला संगीत दिलं. आज आपण जी फिल्म बघतो ती बहुतेक वेळा या संगीतासह. १६ वर्षं ती मुकीच होती. जमलं तर एकदा आवाज बंद करून बघा, किल्ली पायऱ्यांवरून पडताना जास्त भीती वाटते.

१३ ऑक्टोबर १९६१ ला मेंदूत रक्तस्राव होऊन माया गेली. वय ४४. नीट खाणंपिणं नाही, वर डॉक्टरने लिहून दिलेली अँफेटामाइन्स, पैशांची चणचण, हे सगळं त्यामागे होतं असं मानलं जातं. मागे राहिल्या अर्धा डझन पूर्ण फिल्म्स, सगळ्या मिळून दीड तासाच्याही आतल्या, आणि हैतीचे डबे.

ते डबे पुढे इतो आणि त्याची नंतरची बायको शेरेल यांनी उघडले. दोघांनी वर्षानुवर्षं खपून त्यातून तासाभराची डॉक्युमेंट्री बसवली आणि मायाच्या पुस्तकातला मजकूर निवेदन म्हणून वर टाकला. ती 'डिव्हाइन हॉर्समेन' याच नावाने ऐंशीच्या दशकात लोकांसमोर आली. ती फिल्म मायाची म्हणावी का, यावर अभ्यासक अजून भांडतात. तिने स्वतः जे जोडायचं नाकारलं होतं ते दुसऱ्यांनी जोडलं, हे खरंच. पण त्यातले शॉट तिचेच आहेत, आणि नाचणाऱ्यांच्या मध्ये उभं राहून तिने हातात धरलेला कॅमेरा ढोलाबरोबर हलताना स्पष्ट दिसतो.

इतो १९८२ मध्ये हैतीतच वारला. मायाची राख त्याआधी जपानला नेऊन फुजी पर्वतावर विखुरण्यात आली होती.